लिनोकट शिबिरासाठी मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. आठवी-नववीच्या मुलांचं लिनोकट (लिनोलियमच्या तुकड्यावर चित्र कोरून, शाई लावून कागदावर छापायचं) शिबिर घेतेय. वर्णभेदाच्या काळातल्या दक्षिण आफ्रिकेतल्या चित्रकारांबद्दल त्यात सांगायचंय. कृष्णवर्णीयांना कलाशाळांची दारं जवळजवळ बंदच होती. चित्रकार जॉन मुआफांगेजो रॉर्क्स ड्रिफ्टच्या कलाकेंद्रात शिकले. लिनोचा तुकडा, कोरणी, काळी शाई, एवढ्यावर भागायचं. त्यांच्या चित्रांतच अक्षरं कोरलेली असतात. ती उलटी कोरावी लागतात, हे मुलांना करूनच दाखवणार आहे.

अडतेय ती चित्रकार थामी म्न्येले यांच्यापाशी. देश सोडून बोत्स्वानात गाबोरोनला मेडू या वर्णभेदविरोधी कलाकारांच्या गटासोबत पोस्टरं करायचे. १४ जून १९८५ ला दक्षिण आफ्रिकेच्या सैन्याच्या छाप्यात मारले गेले. हे आठवलं की फार तुटतं आतून.

तेरा-चौदा वर्षांच्या मुलांना हे कसं सांगावं? कुणी शिकवलंय का? आणि या दोघांच्या चित्रांचे मूळ छाप (प्रिंट्स) भारतात कुठे पाहायला मिळतील का?