कोश नंतर, आधी अळी

चार वर्षांच्या मुलीला जाडजूड सचित्र विज्ञानकोश घ्यावा का, असं इथे एका पालकांनी विचारलंय. माझ्या मते इतक्यात नको. आम्ही आणला होता. लेकाने डायनोसॉरचं पान फाटेपर्यंत पाहिलं, बाकी कोश कपाटात.

त्यापेक्षा एकाच जिवाची गोष्ट सांगणारं पातळसं पुस्तक बघा. आमचं अळी-फुलपाखराचं पुस्तक चालू असतानाच कुंडीतल्या कढीपत्त्यावर अळ्या सापडल्या. लहान असताना हुबेहूब पक्ष्याची शीट, मोठ्या झाल्या की हिरव्यागार. काडीने हलकेच डिवचलं की डोक्यामागून केशरी शिंगं बाहेर येतात, आणि काय तो वास! पुस्तकातल्या अळीला शिंगं नव्हती, तर पठ्ठ्याने पेन्सिलीने काढून दिली. (आठवडाभर फोडणी कढीपत्त्याविना, हे ओघानं आलंच.)

खर्चाचं म्हणाल तर प्रथम बुक्स या प्रकाशनसंस्थेच्या स्टोरीवीव्हर या संकेतस्थळावर मराठी चित्रपुस्तकं फुकट आहेत, वाचनाच्या पातळीनुसार लावलेली. खेळण्यांतून विज्ञान शिकवणाऱ्या अरविंद गुप्तांच्या संकेतस्थळावरही मराठी पुस्तकं मोफत उतरवून घेता येतात. त्यातली बरीच जरा मोठ्या मुलांची आहेत, तेव्हा आधी तुम्ही वाचा आणि तिला तुमच्या शब्दांत सांगा.