अर्धांगाच्या झटक्यानंतर घरी काय केलंत? (अनुभव धागा)

डिस्चार्ज मिळताना हातात फाइल, गोळ्यांची यादी आणि 'फिजिओ चालू ठेवा' एवढं एक वाक्य पडतं. पुढचं सगळं घरच्यांवर. औषधांची चर्चा इथे नको, ती डॉक्टरांशीच करा. व्यायामाचं आणि रोजच्या व्यवहाराचं लिहा. मी सुरुवात करते.

झटका मेंदूच्या डाव्या बाजूला, त्यामुळे बाबांची उजवी बाजू आणि वाचा दोन्ही गेलं. फिजिओताईंनी पहिल्याच दिवशी सगळ्यांना दम भरला: अधू हाताला धरून ओढायचं नाही. खांद्याचे स्नायू ढिले पडलेले, हाताच्या वजनानेच सांधा खाली उतरतो. त्यात ओढाओढ केली की खांदा धरलाच म्हणून समजा. बसवलं की हाताखाली उशी. शर्ट घालताना अधू हात आधी, काढताना चांगला आधी. एवढ्यानेच सकाळची झटापट निम्मी झाली.

वाचेचं मात्र अजब. 'पाणी' म्हणता येईना, पण गणपतीत आरती सुरू झाली आणि बाबा शब्द न शब्द म्हणत सुटले. आईने हात जोडले. स्पीच थेरपिस्टना त्याचं काही नवल नव्हतं; पाठ असलेलं, चालीतलं बऱ्याच जणांचं शाबूत राहतं म्हणाल्या. मग 'चहा हवा'सुद्धा चालीत म्हणायला लावलं. बाबा ओशाळायचे, पण चहा मिळायचा.

*

आमच्या सासूबाईंची डावी बाजू गेली. बोलणं खणखणीत. पण ताटात डावीकडचं मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर तसंच राहायचं आणि वर 'मला चटणी वाढलीच नाही' म्हणून रुसवा! डोळे ठीक होते, मेंदूच डावीकडची दखल घेत नव्हता. ताटाच्या डाव्या कडेला लाल चिकटपट्टी लावली. ती दिसेपर्यंत मान वळवायची, मगच घास. टीव्ही डावीकडे, गप्पा मारणाराही डावीकडे. नणंदेला हा छळ वाटायचा.

*

ताटाच्या अनुभवाला +१. आमच्याकडे भिंतीला खांदा घासत चालायचे.

*

मी स्वतः पेशंट. पंजा लोंबायचा, चप्पल निसटायची. स्प्लिंट घालून बूट वापरायला लागलो तेव्हा कुठे धीर आला. जिना चढताना चांगला पाय आधी, उतरताना अधू आधी, हे अजून मनात म्हणतो. गावाकडून 'अंगावरून वारं गेलंय, कबुतराचं रक्त चोळा' असे फोन यायचे. मालीश करून घेतली, बरं वाटतं, नाही कशाला म्हणू? पण बोटं चालायला लागली ती कामाला लावल्यावर. फिजिओ चांगल्या हातात जाड मोजा घालायचे आणि दुसऱ्याने मटार सोलायला बसवायचे. बोटं थोडी हलत असतील तरच हे जमतं, एरवी नुसता संताप.

आणि 'सहा महिन्यांत झालं तेवढंच' असं पेशंटसमोर बोलू नका हो. पहिले तीन-चार महिने वेग जास्त असतो, हे खरं. पण शर्टाचं वरचं बटण मला दुसऱ्या वर्षी जमलं.

*

दादा, आईला पाणी पिताना ठसका लागतो, वरण-भात मात्र नीट जातो. हे कुणाला दाखवायचं?

*

गिळण्याची तपासणी स्पीच थेरपिस्टच करतात. लवकर दाखवा, पाणी श्वासनलिकेत गेलं तर न्यूमोनिया होतो. तोवर आडवं असताना काहीही पाजू नका, ताठ बसवूनच.