फॉन्ट बदलून वेलांटी सुधारणार नाही
जुन्या विंडोज एक्सपीवर 'कि' ची वेलांटी अक्षराच्या उजवीकडे जाते, त्यावर नवा फॉन्ट टाका असा उपाय सुचवला जातो. ते पटत नाही. फॉन्टमध्ये अक्षरांचे आकार आणि ते जुळवायचे नियम असतात, पण ते नियम फॉन्ट स्वतः लावत नाही. युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकावर अक्षरं साठवण्याच्या प्रमाण पद्धतीत, आधी क आणि मग वेलांटी अशीच साठवण असते. दाखवताना तिला अलीकडे आणणं, रफार पुढच्या अक्षरावर चढवणं, ही कामं एक्सपीत युनिस्क्राइब, म्हणजे यूएसपी१०.डीएलएल ही विंडोजची फाइल, फॉन्टमधले नियम वाचून करते. एक्सपीत कंट्रोल पॅनलमधल्या रीजनल अँड लँग्वेज ऑप्शन्समध्ये लँग्वेजेस टॅबवर कॉम्प्लेक्स स्क्रिप्टच्या (देवनागरीसारख्या लिप्यांच्या) पर्यायावर खूण करा, विंडोजची सीडी हाताशी ठेवा. बहुतेकदा तेवढ्यानं काम होतं.

आणखी एक गोष्ट: मायक्रोसॉफ्ट ऑफिस २००३ यूएसपी१०.डीएलएलची स्वतःची प्रत घेऊन येतं. म्हणून एकाच मशीनवर, त्याच फॉन्टमध्ये 'दुसऱ्या' हा शब्द वर्डमध्ये नीट आणि नोटपॅडमध्ये तुटका दिसू शकतो. पण ती प्रत उचलून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकू नका, विंडोज तिथली मूळ फाइल परत आणून ठेवतं. आणि कुठल्याही अनोळखी साइटवरून डीएलएल उतरवणं तर कृपया टाळाच. लिनक्सवर अक्षरं जुळवण्याचं हेच काम हार्फबझ ही सॉफ्टवेअर लायब्ररी करते, फायरफॉक्स आणि लिब्रेऑफिसही तीच वापरतात.