न्यू जर्सी अनएम्प्लॉयमेंट: आठवड्याला ३ कॉन्टॅक्ट म्हणजे नक्की काय धरतात?

मोदकवाली_एडिसन:
मंडळी, ऑगस्टमध्ये माझा लेऑफ झाला. अकरा वर्षं एकाच ठिकाणी टेस्टिंग करत होते, एका सकाळी पंधरा मिनिटांचा कॉल आणि दुपारपर्यंत लॅपटॉप लॉक. असो, रडून झालंय. ग्रीन कार्ड आहे, अनएम्प्लॉयमेंट इन्शुरन्सचा म्हणजे बेरोजगारी भत्त्याचा क्लेम टाकला, पैसे यायला लागलेत. पण दर आठवड्याला सर्टिफाय करताना (त्या आठवड्याचे पैसे मागायला प्रश्नांची उत्तरं भरून देताना) "काम शोधलंत का" असा प्रश्न येतो ना, तिथे माझं बोट अडतं. किमान ३ कॉन्टॅक्ट, म्हणजे नोकरीसाठी कंपन्यांशी संपर्क, लागतात एवढं कळलंय, पण लिंक्डइनवर ते एका क्लिकचं अप्लाय असतं ते धरतात का? गणपतीत मंडळात प्रसादाच्या लाइनमध्ये एकजण म्हणाला "आमच्या टीममध्ये जागा निघतेय, रेझ्युमे पाठव", हा कॉन्टॅक्ट झाला का? दुसरं म्हणजे शनिवारी एका क्लासमध्ये मुलांना गणित शिकवते, त्याचे थोडे पैसे मिळतात, ते सांगायचे का? आणि नोव्हेंबरमध्ये आईचं गुडघ्याचं ऑपरेशन आहे, तीन आठवडे कोल्हापूरला जायचंय, तिथूनच फोनवर सर्टिफाय केलं तर कोणाला कळतंय असं नवरा म्हणतो. वर तोच म्हणतो की हे पैसे घेतले तर पुढे सिटिझनशिपला अडचण येईल. मला तर सरकारकडे हात पसरल्यासारखंच वाटतंय, खरं सांगते.

रिकामटेकडा:
आधी ते हात पसरण्याचं डोक्यातून काढा ताई. जुना पे स्टब (पगाराची पावती) काढा आणि कपातीची बाजू नीट बघा. बहुतेक राज्यांत हा इन्शुरन्स फक्त कंपनी भरते, पण जर्सी, पेनसिल्व्हेनिया आणि अलास्का इथे नोकरदाराच्या पगारातूनही कापतात. म्हणजे अकरा वर्षं हप्ता तुम्हीही भरलाय. गाडीचा क्लेम करताना लाज वाटते का आपल्याला? सिटिझनशिपचं म्हणाल तर हा कमावलेला बेनिफिट आहे, पब्लिक चार्जमध्ये, म्हणजे सरकारी मदतीवर अवलंबून राहण्यात, धरत नाहीत.

एका क्लिकचा अर्ज चालतो, अर्ज तो अर्जच, फक्त कन्फर्मेशनचा ईमेल डिलीट करू नका. जॉब फेअर, इंटरव्ह्यू, वन-स्टॉप करिअर सेंटरचं (नोकरी शोधायला मदत करणारं सरकारी केंद्र) वर्कशॉप हेही शोधात येतं. प्रसादाच्या लाइनीतली नुसती गप्पा मी धरणार नाही, पण त्या माणसाला जागेचं नाव विचारून रेझ्युमे पाठवलात की झाला कॉन्टॅक्ट, आणि तसा अर्ज शंभर क्लिकांपेक्षा भारी.

टेक्सासचा_तात्या:
मी डॅलसकडचा, आमच्याकडे आठवड्याला किती शोध करायचे ते काउंटीवर ठरतं, बहुतेक ठिकाणी ३च, आणि सर्टिफाय दोन आठवड्यांनी. पण मुद्दा सगळीकडे तोच, वही. मी २०२३मध्ये सहा महिने घरी होतो, अर्ज ढीगभर केले पण नोंद काय, तर "लिंक्डइन, ३ अर्ज", पुढच्या आठवड्यात वरच्यासारखंच म्हणून दोन टिंबं, आपण किराणाच्या यादीत मारतो ना तशी. मग एक दिवस अनएम्प्लॉयमेंट ऑफिसने लॉग, म्हणजे शोधाची नोंद, मागवला. चार रात्री बसून जुने ईमेल उपसले, अर्ध्या कंपन्यांच्या जाहिराती तोवर साइटवरून उडाल्या होत्या, बायको म्हणाली एवढ्या वेळात नोकरी मिळाली असती. चूक माझीच. तेव्हा ज्या दिवशी अर्ज त्याच दिवशी नोंद: तारीख, कंपनी, पद, कसा केला, कोणाशी बोललात, उत्तर काय आलं. जाहिरातीचा स्क्रीनशॉट. आणि शनिवारी रात्री तीनही उरकू नका, आठवडा रविवार ते शनिवार असतो, मधे पाहुणे आले की राहूनच जातं, स्वानुभव!

वाटाणा_उसळ:
क्लासचे पैसे सांगायचेच. ज्या आठवड्यात शिकवलंत त्या आठवड्यात, हातात कधीही येवोत, आणि टॅक्स कापायच्या आधीची रक्कम. जर्सीत थोडं कमावलं तर लगेच कापत नाहीत: तुमच्या आठवड्याच्या रकमेत २० टक्के मिळवायचे, त्यातून कमाई वजा करायची. समजा ८०० मिळतात, तर ९६० धरा, क्लासचे २०० मिळाले तर ७६० येतील. १६० पर्यंत कमावलं तर पूर्ण ८००. म्हणजे लपवून फायदा काडीचा नाही. आणि लपवलं आणि निघालं तर पैसे परत, वर दंड, केंद्राच्या कायद्यानेच तो किमान १५ टक्के.

अवांतर: ऑनलाइन सर्टिफाय करताना फेडरल टॅक्स १० टक्के कापायला सांगितलाय का? जर्सी स्टेट टॅक्स घेत नाही, पण फेडरल लागतो. माझ्या भावाने कापला नव्हता, एप्रिलमध्ये तोंड बघण्यासारखं झालं होतं.

रिकामटेकडा:
कोल्हापूरचं राहिलं. नवऱ्याचं ऐकू नका. प्रश्न "कळेल का" हा नाहीच (आणि कळतं, लॉगिन कुठून झालं ते दिसतं). दर आठवड्याला तुम्ही "कामाला हजर व्हायला तयार आहे" असं लिहून देता. आईच्या उशाशी कोल्हापुरात बसलेला माणूस सोमवारी एडिसनला हजर होणार का? नाही. मग ते आठवडे क्लेम करायचे नाहीत, बस. क्लेम बंद पडला तरी आल्यावर रिओपन करा. उरलेली रक्कम बुडत नाही, क्लेमच्या तारखेपासून वर्षभरात घेता येते. जर्सीत जास्तीत जास्त २६ आठवडे मिळतात, तुमचे तीन फक्त पुढे सरकतील. मात्र जायच्या आधी मेल आणि पोस्ट दोन्ही बघा, रिएम्प्लॉयमेंटच्या ओरिएंटेशनचं (नोकरी शोधण्याबद्दलची त्यांची सक्तीची बैठक) बोलावणं त्याच तारखांना आलं असेल तर आधी कळवून बदलून घ्या, नुसती दांडी मारली तर पैसे अडकतात.

नवा_पक्षी:
मधेच विचारतो, एच-वन बी व्हिसावर असेल तर मिळतं का हे? माझ्या रूममेटला नारळ मिळालाय.

रिकामटेकडा:
साधारणपणे नाही. नोकरी गेली की दुसऱ्या कोणाकडे लगेच कामाला उभं राहायची परवानगी हातात नसते, त्यामुळे "अव्हेलेबल" इथेच गाडी अडते. त्याला म्हणावं नोकरी गेल्यावर इथे राहायला मिळणारे जास्तीत जास्त ६० दिवस मोज, आणि वकिलाशी आजच बोल, उद्या नाही.

मोदकवाली_एडिसन:
धन्स सगळ्यांना. पे स्टब काढला, खरंच ओळ आहे, अकरा वर्षांत एकदाही तिकडे बघितलं नव्हतं. लेकाची अर्धी कोरी वही घेतली, सवयीने वर श्री लिहिलं आणि पहिली नोंद त्या प्रसादवाल्याची, त्याने काल जागेची लिंक पाठवली, रात्रीच अर्ज केला. क्लासचे मागच्या दोन आठवड्यांचे सांगायचे राहिलेत, उद्या सकाळी स्वतःच फोन करून दुरुस्त करून घेते. नवऱ्याला हा धागा वाचायला दिलाय, अजून काही बोलला नाहीये.