हप्ता कमी झाला, पण महिने किती उरले?

(सोसायटी ग्रुप, रविवार सकाळ)

सी-३०२: नमस्कार. सकाळी सकाळी त्रास देतेय, पण रात्रभर डोळ्याला डोळा नाही. बँकेचा मेसेज आला की व्याजदर उतरला, हप्ता ३२,५४२ वरून २९,०७३ झाला. आधी बरं वाटलं. मग मिस्टरांनी अ‍ॅपवर स्टेटमेंट काढलं. जानेवारी २०२२ मध्ये ४० लाखांचं गृहकर्ज घेतलं होतं, २० वर्षांसाठी. चार वर्षांत १५ लाख ३४ हजार भरलेत आणि शिल्लक दाखवतंय ३८ लाख १६ हजार!! आमचे पैसे गेले कुठे? एकही हप्ता चुकवलेला नाही हो.

बी-५०१: अभिनंदन ताई, महिन्याला साडेतीन हजार सुटले! पार्टी कधी? 😄

सी-३०२: दादा, मी खरंच काळजीत आहे.

बी-५०१: सॉरी ताई. खालचं वाचलंच नव्हतं. १५ लाख भरून दोन लाखसुद्धा उतरले नाहीत??

ए-१०१: सुरुवातीची वर्षं व्याजातच जातात, यात नवीन काही नाही. आम्ही कर्ज काढलं तेव्हा १५-१६ टक्के दर होता. निमूटपणे फेडलं. शिवाय गृहकर्जावर टॅक्स वाचतो, हे विसरू नका.

ए-४०३ (सेक्रेटरी): सर्वांना विनंती, बुधवारी टाकी सफाई आहे. १० ते १ पाणी बंद राहील. वैयक्तिक विषय कृपया पर्सनलवर घ्यावेत. 🙏

बी-४०२: सेक्रेटरी साहेब, या तीन विंगमध्ये कर्ज नसलेली किती घरं आहेत? चालू द्या की. मलाही ऐकायचंय.

बी-२०४: सी-३०२, तीन आकडे सांग. सुरुवातीचा हप्ता किती होता, फेब्रुवारी-मार्च २०२३ च्या एका हप्त्यात व्याज किती आणि मुद्दल किती गेलं, आणि आज किती हप्ते बाकी दाखवतंय. शेवटचा आकडा सगळ्यात महत्त्वाचा.

सी-३०२: थांबा मावशी, बघून सांगते.

सी-१०३: मावशी आल्या म्हणजे आता नीट कळेल. माझं मत मात्र ठाम आहे. कर्ज फेडायची घाई करू नये. एसआयपी करा, म्हणजे दर महिन्याला म्युच्युअल फंडात ठरावीक रक्कम टाका, कर्ज आपोआप फिटतं.

ए-१०१: एसआयपी करणाऱ्यांनी आधी मेंटेनन्स वेळेवर भरावा. चार महिन्यांची थकबाकी आहे म्हणे काही जणांची.

सी-१०३: काका, नाव घेऊन बोला. आणि गेल्या महिन्यातच मी भरलाय, पावती आहे.

ए-१०१: मी कोणाचंच नाव घेतलेलं नाही. ज्याला लागलं त्याला लागलं.

ए-४०३ (सेक्रेटरी): 🙏🙏 कृपया.

सी-३०२: मावशी, सुरुवातीचा हप्ता ३०,४१५, दर ६.७५. फेब्रुवारी २०२३ चा हप्ता ३२,५४२, त्यात व्याज ३०,२९४ आणि मुद्दल २,२४८. बाकी हप्ते ३१३. हे ३१३ काय आहे? आमचे तर १९२ उरायला हवेत ना?

बी-२०४: तेच बघायचं होतं. १९२ च हवेत. नीट वाच, जरा लांब लिहितेय.

तुझं कर्ज रेपोशी जोडलेलं आहे, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्या दराशी. तू घेतलंस तेव्हा रेपो ४ टक्के होता आणि त्यावर बँकेचे २.७५. मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने रेपो वाढवत नेला, फेब्रुवारी २०२३ ला तो ६.५० झाला. तुझा दर झाला ९.२५. तेव्हा शिल्लक होती साधारण ३९ लाख ३० हजार. त्याचं महिन्याचं नुसतं व्याजच ३०,२९४. जुना ३०,४१५ चा हप्ता ठेवला असता तर मुद्दलाला १२१ रुपये उरले असते. म्हणजे कर्ज फिटणं जवळपास थांबलंच असतं.

मग बँकेने हप्ता दोन हजारांनी वाढवला आणि मुदत दहा वर्षांनी. हप्त्याचा मेसेज तू वाचलास, मुदतीचा आकडा नजरेतून सुटला. २० वर्षांतच फेडायचं ठरवलं असतं तर हप्ता ३६,६५९ लागला असता. म्हणजे सहा हजार जास्त. जड होतं हे मान्य, पण तुम्हाला विचारायला हवं होतं.

सी-३०२: दहा वर्षं?? ३१३ महिने म्हणजे २०५२ साल. मिस्टर आत्ता ३८ चे आहेत. साठीला रिटायर होणार आणि हप्ता ६४ व्या वर्षापर्यंत? आम्हाला कोणी विचारलं नाही मावशी. सही सुद्धा घेतली नाही.

बी-४०२: आमचंही असंच झालंय वाटतं. मी आजवर बाकी हप्त्यांचा रकाना उघडलेलाच नाही. लाज वाटते सांगायला.

बी-२०४: लाज कसली? मी तीस वर्षं बँकेच्या कर्ज खात्यात काढली. काउंटरला येणारा प्रत्येक जण विचारायचा, हप्ता किती बसेल? एकूण किती भरावे लागतील हे विचारणारे वर्षातून चार-पाच भेटायचे. आणि खरं सांगते, आम्हीही आपणहून सांगत नव्हतो. ५० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं, हप्ता ४३,३९१. एवढंच कागदावर लिहून द्यायचो. त्याला २४० ने गुणलं तर १ कोटी ४ लाख होतात, हे लिहीत नव्हतो. पहिली पाच वर्षं २६ लाख भरायचे आणि त्यातले सहा लाखसुद्धा मुद्दलात जात नाहीत.

बी-५०१: बापरे. म्हणजे एक घर आपलं, एक बँकेचं.

ए-१०१: पण टॅक्स वाचतो, हे कोणी लिहीतच नाही. वर्षाला २ लाखांची सूट मिळते.

बी-२०४: काका, ते खरं आहे, पण जुन्या करप्रणालीत. नवीन करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर काही मिळत नाही आणि आता न सांगता लागू होते ती नवीनच. जुनीत राहिलात आणि ३० टक्क्यांच्या टप्प्यात असलात तरी २ लाखांवर वाचतात ६२,४०० रुपये. त्यासाठी हिला व्याज द्यावं लागणार वर्षाला तीन लाख. जवळपास अडीच लाख खिशातून जातातच की.

ए-१०१: असेल. तरी वाचतात ना ६२ हजार. आम्ही तर त्यावरच संसार केला.

सी-३०२: मावशी, मग आता काय करू? हप्ता कमी झालाय ते चांगलं की वाईट?

बी-२०४: आत्ताचीच वेळ आहे, म्हणून तर इतकं लिहितेय. २०२५ मध्ये रेपो फेब्रुवारी ते डिसेंबर सव्वा टक्क्याने उतरला, ६.५० वरून ५.२५. तुझा दर झाला ८. बँकेने मुदत ३१३ च ठेवली आणि हप्ता उतरवला.

२९,०७३ गुणिले ३१३, साधारण ९१ लाख.

आता समज, हप्ता तोच ३२,५४२ ठेवलास, जो तुम्ही तीन वर्षं भरताच आहात. कर्ज २२९ महिन्यांत फिटतं. एकूण साडेचौऱ्याहत्तर लाख. साडेसोळा लाखांचा आणि सात वर्षांचा फरक, आणि सवयीपेक्षा एक रुपयाही जास्त भरायचा नाही.

सी-३०२: मावशी मी दोनदा वाचलं. साडेसोळा लाख?

बी-२०४: कॅल्क्युलेटरवर करून बघ. दर पुढे बदलेल तसे आकडे हलतील, पण दिशा हीच. आणि हप्ता ३५,२९५ जमला तर परत १९२ वर येशील, म्हणजे मूळच्या २०४२ ला.

सी-१०३: मावशी, आदर ठेवून सांगतो. ते साडेतीन हजार दर महिन्याला एसआयपीत टाकले तर १९ वर्षांत जास्त होतील.

बी-२०४: होतीलही. पण बाजाराची कोणी हमी देत नाही. कर्जात घातलेल्या रुपयावर ८ टक्के नक्की वाचतात आणि त्या बचतीवर कर नाही. आणि एक विचारते, राग मानू नकोस. हप्ता कमी झाल्यावर ते साडेतीन हजार खरोखर एसआयपीत जातात का रे? मी पाहिलेल्या दहातल्या आठ घरांत ते नवीन मोबाइलच्या हप्त्यात गेले.

सी-१०३: माझे जातात.

बी-२०४: मग तुझं बरोबर आहे. सी-३०२ ला आज झोप येत नाही, तिचा हिशोब वेगळा.

ए-१०१: टॅक्स वाचतो म्हणून मी तर म्हणतो कर्ज लांबलेलं बरं.

बी-५०१: काका, तिसऱ्यांदा 🙏

ए-१०१: तू कर्ज काढ आधी, मग बोल. भाड्याने राहून सल्ले देऊ नयेत.

बी-५०१: भाडेकरू असलो तरी पार्किंगचे पैसे मी वेळेवर देतो काका. आणि माझ्या गाडीच्या जागेत दर रविवारी कोणाची स्कूटर असते ते सगळ्यांना माहीत आहे.

ए-४०३ (सेक्रेटरी): पार्किंगचा विषय मीटिंगमध्ये घेऊ. बुधवारी टाकी सफाई, १० ते १.

बी-४०२: मावशी, बँकेकडे नेमकं काय मागायचं? आमच्या शाखेत विचारलं तर म्हणतात, सिस्टिमने होतं, आमच्या हातात नाही.

बी-२०४: आहे हातात. रिझर्व्ह बँकेचं १८ ऑगस्ट २०२३ चं परिपत्रक आहे. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ग्राहकाला विचारायचं. मधेच काही रक्कम किंवा सगळं कर्ज फेडायची मुभा द्यायची. दर तिमाहीला आजवर वसूल झालेलं मुद्दल, व्याज, हप्ता, बाकी हप्ते आणि दर हे सगळं कळवायचं. तोंडी विचारू नका. अर्ज लिहा: हप्ता पूर्वीइतकाच ठेवून मुदत कमी करावी. दोन प्रती न्या, एकीवर शिक्का आणि तारीख घ्या.

सी-३०२: आणि मुदतीआधी पैसे भरले तर दंड? मिस्टरांचा बोनस येईल थोडा.

ए-१०१: दंड लागतोच. २ टक्के.

बी-२०४: नाही काका. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर २०१२ पासून बँकांना तो लावता येत नाही. तुमच्या वेळी लागत होता, हे खरं. सी-३०२, ३२,५४२ च्या हप्त्यावर एक लाख आज भरलेस तर शेवटचे १३ हप्ते कमी होतात. म्हणजे सव्वाचार लाख. पण भरताना लिहून दे की मुदत कमी करा. नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून ठेवतात. आणि सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला ठेवूनच भर. दवाखाना सांगून येत नाही, आणि एकदा भरलेला पैसा बँक सहजी परत देत नाही.

बी-४०२: मला एक सांगायचंय. आमच्या कर्जात विम्याचे १ लाख २० हजार घातलेत. घेताना म्हणाले, कम्पल्सरी आहे, हप्त्यात फरक जाणवणार नाही.

बी-२०४: हजार रुपयांचा फरक, तो कोणाला जाणवणार? साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत त्या १ लाख २० हजारांचे अडीच लाख होतात. कर्त्या माणसाला विमा हवाच, पण बाहेरून साधा टर्म विमा घ्यावा आणि पैसे आपल्या खिशातून भरावेत. तो कम्पल्सरी नसतो.

बी-४०२: बायकोला आत्ता सांगितलं. ती म्हणाली, मी तेव्हाच म्हणत होते.

सी-१०३: मावशी, अजून एक. नवीन ग्राहकांना कमी दर देतात आणि आपण जुने तसेच. बँक बदलावी का?

बी-२०४: आधी आहे त्याच बँकेला सांग, रेपोवरचा तुमचा टक्का कमी करा, नाहीतर जातो. बहुतेक वेळा थोडं शुल्क घेऊन करतात. बदलायचीच असेल तर प्रोसेसिंग, वकील, स्टँप ड्युटी सगळं धरून हिशोब कर. आणि नवीन बँकेत परत २० वर्षं घेऊ नकोस, उरलेलीच मुदत घे. तिथेच माणूस फसतो.

ए-१०१: मावशी, मला एक विचारायचं होतं. मुलाने मागच्या वर्षी फ्लॅट घेतलाय. ३० वर्षांची मुदत आहे. मी त्याला म्हटलं होतं, लांब घे, टॅक्स वाचेल.

बी-२०४: तो नवीन करप्रणालीत आहे का?

ए-१०१: विचारतो.

(बुधवार दुपार)

ए-४०३ (सेक्रेटरी): टाकी सफाई झाली. पाणी चालू केले आहे. पहिली दहा मिनिटे गढूळ येईल.

सी-३०२: मावशी, सोमवारी बँकेत जाऊन आले. पहिले म्हणाले, हप्ता कमी झालाय तर तुम्हाला नको का? मग म्हणाले, फॉर्म नाही. मी अर्ज पुढे केला आणि परिपत्रकाची तारीख सांगितली. मॅनेजर मॅडम आल्या, वाचलं, शिक्का दिला. आज अ‍ॅपवर बदललं. हप्ता ३२,५४२. बाकी हप्ते २२९.

बी-२०४: शाब्बास. शिक्क्याची प्रत फाइलला लाव.

बी-४०२: मी शुक्रवारी जातोय. अर्जाचा फोटो टाका ना ताई, खाते नंबर झाकून.

ए-१०१: मलाही हवा आहे तो फोटो. मुलाला पाठवायचा आहे.

सी-३०२: टाकते काका. पुढचा हप्ता ५ तारखेला आहे. मिस्टरांनी काढून ठेवलंय, त्यात मुद्दल जाणार ७,१०२.