सुरमईच्या जाड तुकड्या निखाऱ्यावर: संत्रं-लिंबू आधी लावायचं की नंतर?

खाडीकाठ (ठाणे)

रविवारी संध्याकाळी गच्चीवर आठ माणसं जेवायला आहेत आणि मला सुरमई निखाऱ्यावर भाजायची आहे. रवा नको, तळण नको, लाल मसालाही नको. आईला आता तिखट चालत नाही, आणि तिला सुरमई खाल्ल्याचं समाधान मिळावं एवढीच माझी इच्छा आहे. म्हणून संत्रं, लिंबू, लसूण आणि मिरी एवढ्यावरच भागवायचं आणि सोबत त्याच फळांचा सॉस द्यायचा, असं ठरवलंय.

व्हिडिओ पाहावेत तर एक जण सांगतो रात्रभर रसात मुरवा, दुसरा सांगतो अर्धा तास पुरे. आपल्याकडे मासा धुतला की मीठ-लिंबू लागतंच, पण तो लगेच तव्यावर जातो, त्यामुळे घरच्या सवयीवरून अंदाज येत नाही. तुकडी किती जाड घ्यावी? जाळीला चिकटू नये म्हणून काय करता? आणि मोसंबीचा रस ठेवला की कडू होतो, मग उकळून सॉस केला तर तसंच होईल का? माझ्याकडे लोखंडी शेगडी आहे, वखारीतून लाकडी कोळसा आणलाय. थर्मामीटर नाही.

दादरचा मासेखाऊ

माझं मत आधीच सांगतो, माशाला संत्र्याचा गोडवा मला पटत नाही. मीठ, हळद, वाटलेली लसूण आणि कोकमाचं आगळ लावा. तिखट एक कणही पडत नाही आणि सुरमई सुरमईच लागते. पण तुमचं ठरलंच असेल तर एक करा, कोळणीला कापायच्या आधी जाडी सांगा. तिचा हात तळणीच्या तुकडीवर बसलेला असतो, ती अर्ध्या इंचाचीच पाडते. तेवढी पातळ तुकडी निखाऱ्यावर आतून शिजेपर्यंत बाहेरून वाळून जाते. चार किलोच्या आसपासची सुरमई मिळाली तर मधला भाग मागा.

बंदरावरची खानावळ (रत्नागिरी)

ठाण्याचे दादा, फळाची साल आधी आणि रस नंतर. तुमच्या सगळ्या प्रश्नांची उत्तरं यातच आहेत, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

मिरकरवाड्याजवळ आमची घरगुती खानावळ आहे. तिखट न सोसणारे पाहुणे बरेच येतात. त्यांच्यासाठी मी सुरमई आणि कधी कधी कुपा (ट्यूना) निखाऱ्यावर करते. फळ म्हणून परसातलं ईडलिंबू वापरते, तुमच्याकडे संत्रं आहे तर तेही उत्तम.

लिंबाच्या रसाने माशातलं प्रथिन आकसतं, काचेसारखं दिसणारं मांस पांढरं होतं. पेरू देशात 'सेविचे' नावाचा कच्च्या माशाचा पदार्थ करतात तो याच जोरावर, चूल न पेटवता. तिथे ते हवंच असतं. तुम्हाला मात्र मासा नंतर आगीवर ठेवायचाय. तासभर रसात पडलेली सुरमई आधीच घट्ट होऊन पाणी सोडते, उरलेलं पाणी निखारे काढून घेतात, आणि पानात येतो तो चोथा. बांगड्यात चरबी भरपूर, तो सांभाळून घेतो. सुरमईत तेवढी नसते. शिवाय संत्र्याच्या रसात साखर असते, ती मासा शिजायच्या आधीच करपते, आणि रसाने ओली झालेली तुकडी जाळीला धरते.

मग आधी लावायचं काय? फळाचा खरा वास सालीतल्या तेलात असतो, आणि ते तेल खाण्याच्या तेलात छान उतरतं. आठ तुकड्यांना, म्हणजे साधारण दीड-पावणेदोन किलोला, दोन संत्र्यांचा आणि दोन लिंबांचा वरवरचा कीस, पाच मोठे चमचे तेल, सहा पाकळ्या ठेचलेली लसूण आणि एक चमचा भरड मिरी. नागपुरी संत्र्याची साल सैल असते, सोलल्यावर ती किसणीवर धरता येत नाही, म्हणून अख्खं फळ असतानाच किसा. फक्त नारिंगी थर घ्यायचा, खालचा पांढरा भाग आला की कडूपणा आलाच. कागदी लिंबाची साल तर इतकी पातळ की एका जागी किसणी एकदाच फिरवायची. चकचकीत फळांवर मेण असतं, ती कोमट पाण्याने घासून धुवा.

तुकड्यांना आधी नुसतं मीठ चोळा, किलोला दोन सपाट चहाचे चमचे. वीस मिनिटांनी जे पाणी सुटेल ते टिपून टाका आणि मग हे तेल लावून तासभर फ्रिजमध्ये ठेवा. यात आंबट काहीच नसल्यामुळे दोन तास झाले तरी काही बिघडत नाही.

जाडी एक इंच. त्यापेक्षा कमी घेऊ नका. पोटाची पोकळी संपते तिथून पुढच्या गोल तुकड्या घ्या, कारण पोटाकडच्या तुकड्यांची पातळ टोकं आधी जळतात. कातडी काढू देऊ नका, तीच तुकडीला एकत्र बांधून ठेवते.

आता आग. मी कोळशात थोड्या करवंट्या घालते, त्यांची धग मोठी असते. कोळसा पेटल्यावर त्याच्यावर पांढुरकी राख दिसेपर्यंत थांबा, अर्धा-पाऊण तास जातोच. निखारे एका बाजूला ओढा, दुसरी बाजू मोकळी. तळहात जाळीच्या वर चार बोटांवर धरला आणि तीन-चार सेकंदांत काढून घ्यावासा वाटला की धग बरोबर आहे. रिकामी जाळी दहा मिनिटं तापू द्या, तारेच्या ब्रशने घासा, अर्धा कांदा काट्याला खुपसून तेलात बुडवा आणि तो जाळीवरून फिरवा. तुकडीवरची लसूण झटकून टाका, नाहीतर तीच जळून कडू होते. तुकडी फडक्याने टिपून ठेवा आणि चार मिनिटं हात लावू नका. खालची बाजू नीट भाजली की तुकडी आपण होऊन सुटते. चिमट्याने ओढावी लागली तर अजून अर्धा मिनिट द्या. उलटी करा, पुन्हा चार मिनिटं. मग मोकळ्या बाजूला सरकवून एक-दोन मिनिटं. थर्मामीटर नको, मधल्या काट्याशी सुरीचं टोक घाला. मांस काट्यापासून सुटलं आणि आत काचेसारखं दिसत नसलं की उतरवा.

सॉस: चार संत्र्यांचा रस हाताने पिळून गाळा. मिक्सरला लावू नका, बिया फुटल्या की सगळा रस कडू. स्टीलच्या पसरट भांड्यात तो एक तृतीयांश होईपर्यंत आटवा, ॲल्युमिनियमचं भांडं आंबटाला घेऊ नये. गॅस बंद करून ५० ग्रॅम गार लोणी थोडं थोडं घालत फेटा. मग एका रसरशीत लिंबाचा रस, मीठ, बारीक चिरलेली कोथिंबिरीची देठं. लिंबू शेवटीच, आटवलं तर त्याचा ताजेपणा जातो. मोसंबी या कामाला घेऊ नका. तिच्या रसात लिमोनिन नावाचा कडू पदार्थ रस काढल्यावर तयार होत जातो आणि उष्णतेने ते आणखी लवकर होतं. मोसंबी हवीच असेल तर ताजी पिळून कच्चीच वरून घाला.

सॉस माशावर जाळीवरून उतरल्या उतरल्या घालायचा. गरम तुकडी तो ओढून घेते.

दादरकर, आगळ मलाही प्रिय आहे. पण तेही आंबटच, तेव्हा त्यालाही हाच नियम, आणि त्यात मीठ मुरलेलं असतं म्हणून वरचं मीठ कमी. निखाऱ्यासाठी आगळ मी शेवटी ब्रशने लावते.

खाडीकाठ (ठाणे)

ताई, इतकं बारकाईने कुणी सांगितलं नव्हतं. मनापासून आभार. दोन गोष्टी राहिल्या. मासा सकाळी सातला आणणार आणि भाजणार संध्याकाळी सातला. मधले बारा तास कसा ठेवू? आणि आई म्हणते, लिंबू चोळल्याशिवाय माशाचा वास जात नाही. तिला काय सांगू?

बंदरावरची खानावळ (रत्नागिरी)

वासाबद्दल आईचं म्हणणं खरं आहे. मासा जुना होऊ लागला की ज्या पदार्थांचा वास येतो ते आम्लाने बांधले जातात आणि हवेत उडत नाहीत. म्हणून पिढ्यान् पिढ्या लिंबू चोळतात. पण त्याने वास जातो, मासा ताजा होत नाही. कल्ले लालभडक, डोळे स्वच्छ, बोटाने दाबलेलं मांस लगेच वर येणारं, अशी सुरमई आणलीत तर चोळायला लिंबू लागत नाही. आईच्या समाधानासाठी दोन थेंब लावून लगेच धुवा, लगेच पुसा.

बारा तासांबद्दल मात्र कडक राहा. सुरमई, कुपा, बांगडा या माशांना थंडावा मिळाला नाही तर त्यांच्यात हिस्टामिन तयार होतं. ते शिजवून जात नाही, लिंबानेही नाही, आणि नेहमी वासावरून कळतही नाही. खाल्ल्यावर थोड्याच वेळात चेहरा लाल होतो, ओठ चुरचुरतात, डोकं दुखतं. लोक म्हणतात सुरमई बाधली. बाजारात जातानाच डबा आणि बर्फ न्या, घरी आल्यावर धुऊन, पुसून, झाकणाच्या डब्यात फ्रिजच्या सगळ्यात थंड कप्प्यात ठेवा आणि डब्याखाली बर्फाचं ताट. मीठ पाच वाजता लावा, तेल त्यानंतर. शेगडीजवळ ताट मांडून गप्पा मारत बसू नका, जाळी तापली की मगच फ्रिजमधून काढा.

आणि गच्ची उघडी आहे म्हणून ठीक. हे वाचून कुणी बंद गॅलरीत कोळशाची शेगडी लावू नका, कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो.

ह्यूस्टनची सुगरण

ताईंचं 'साल आधी, रस नंतर' इकडच्या गॅसच्या ग्रिललाही लागू पडतं. दोन गोष्टी जोडते.

इथे देशी दुकानात सुरमईच्या गोठवलेल्या तुकड्या मिळतात, बहुतेक पाऊण इंचाच्या. तिकडे १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते तेव्हा तुम्हालाही गोठवलेलीच आणावी लागेल, म्हणून सांगते: आदल्या रात्री फ्रिजमध्ये, खाली जाळी असलेल्या ताटात सुटू द्या. सुटलेल्या पाण्यात तुकडी बसली की ती कितीही पुसली तरी भाजत नाही, वाफवली जाते. पाऊण इंचाला दोन्ही बाजूंनी तीन-तीन मिनिटं पुरतात. ज्यांच्याकडे थर्मामीटर आहे त्यांनी मध्यभागी ६३ अंश सेल्सिअस बघावं, अमेरिकेत १४५ फॅरनहाइट सांगतात तेच.

सॉसला मी इथलं लाल ग्रेपफ्रूट घेते. ते १९९३ पासून टेक्सासचं राज्यफळ आहे आणि थंडीत अप्रतिम मिळतं. त्याचा रस आटवत नाही, फाकी सोलून लोण्यात नुसत्या गरम करते. पण पाहुण्यांत कोणी कोलेस्टेरॉलसाठी सिम्व्हास्टॅटिन किंवा अटोर्व्हास्टॅटिन घेत असेल तर ग्रेपफ्रूट देऊ नका, त्याने रक्तातलं औषधाचं प्रमाण वाढतं. रक्तदाबाच्या काही गोळ्यांचंही तसंच. संत्र्याला ही अडचण नाही. आणि अमेरिकेत राहणाऱ्यांनो, किंग मॅकरेल नावाने मिळणाऱ्या इथल्या माशात पारा जास्त असतो. गरोदर बायका, अंगावर पाजणाऱ्या आया आणि लहान मुलं यांनी तो टाळावा असं इथलं अन्न व औषध प्रशासन सांगतं. घरात अशी कोणी असेल तर हॅलिबट आणा, हीच कृती, फक्त तो जास्त नाजूक, उलथन्याने उलटा.

दादरचा मासेखाऊ

ग्रेपफ्रूट नसेल तर पपनस चालेल का? आमच्याकडे गणपतीच्या सुमारास घरात येतंच.

बंदरावरची खानावळ (रत्नागिरी)

चालेल, आणि छान लागेल. पण ज्या गोळ्यांना ग्रेपफ्रूट चालत नाही त्यांनी पपनसही टाळावं, दोन्ही एकाच गोतावळ्यातली. पांढरी साल आणि फाकींवरचा पापुद्रा पूर्ण काढा, सगळा कडूपणा त्यातच. गर मोकळा करून लोण्यात नुसता ढवळा, चिमूट मीठ, चिमूट साखर. आगळ लावलेल्या सुरमईवर हे घालू नका, आंबटावर आंबट होईल. त्या दिवशी मीठ आणि सालीचं तेल एवढंच.

ठाण्याचे दादा, आठ माणसांना आठ तुकड्या एकदम लावू नका. चार-चार लावा, नाहीतर जाळी गार पडते आणि चिकटते. पहिल्या फेरीतली तुकडी आईच्या पानात वाढा, मधला काटा काढून.