बी विंगच्या बादलीतला काळा दोरा

*सोसायटीचा ग्रुप. गणपती जाऊन आठवडा झालेला, सोमवार.*

बी-२०३ वहिनी, सकाळी ६:५१
[फोटो]
सगळ्यांनी नीट बघा. आत्ता आंघोळीच्या बादलीत हे निघालं. काळं, दोऱ्यासारखं, वीतभर तरी लांब. आधी वाटलं माझाच केस. उचलायला गेले तर वळवळलं!!! बादली रात्रीच भरून ठेवली होती. हे पाणी पितो आपण??

ए-५०२
अगं बाई

बी-४०४
टाकी शेवटची कधी धुतली? फक्त तारीख सांगा.

सेक्रेटरी
१४ ऑगस्ट. फोटो ग्रुपवर टाकले होते. वर जाऊन बघा.

बी-४०४
बघितले. फोटोत धुणारा माणूस दिसतो, टाकी दिसत नाही.

सी-१०१
मागच्या आठवड्यात दोन टँकर आले ना, त्यातूनच. टँकरवाले कुठल्या विहिरीचं पाणी भरतात हे कुणी कधी विचारलंय का

ए-३०१ आजी
हा नारू आहे. माझ्या सासऱ्यांच्या पायातून असाच निघाला होता. पाणी कुणी पिऊ नका

बी-२०३ वहिनी
नारू??? आमचा चिंटू याच पाण्याने चूळ भरतो हो

बी-६०३
मी वीस लिटरचे दोन जार मागवतोय. कुणाला हवे असतील तर नाव टाका.

ए-५०२
ए-५०२ एक

सी-४०२
सी-४०२ दोन

सी-१०१
मेंटेनन्स मात्र वेळेवर पाहिजे.

सेक्रेटरी
काका, तुमचा जूनचा बाकी आहे.

ए-१०४ नाना, ७:३४
फिरून आलो, आत्ता बघतोय. जार मागवणाऱ्यांनी जरा थांबा. आजी, तुम्ही सासऱ्यांच्या पायात बघितला तो नारूच असणार, पण हा नारू नाही. मी आरोग्यसेवक होतो, नारूच्या मोहिमेत पाच वर्षं गावं पालथी घातलीत, त्यामुळे एवढं ठामपणे सांगतो. नारू पांढरा असतो, शिजलेल्या शेवईसारखा. हा काळा-तपकिरी आणि तारेसारखा ताठ दिसतोय. नारू असा बादलीत एकटा सापडत नाही, तो माणसाच्या कातडीतून निघतो. आणि देशातला शेवटचा रुग्ण जुलै १९९६ मध्ये राजस्थानात, जोधपूर जिल्ह्यात सापडला. त्यानंतर एकही नाही. २००० साली जागतिक आरोग्य संघटनेनं भारत नारूमुक्त म्हणून जाहीर केला. तेव्हा बी विंगमध्ये तो परत यायचं कारण नाही.

ए-३०१ आजी
मग हे काय आहे ते सांगा की

ए-१०४ नाना
ते मलाही बघायचंय. वहिनी, फेकू नका.

सी-७०१ (कीटकशास्त्रवाली), ७:४०
काकू गुड मॉर्निंग. बादलीच्या मागे, मोरीच्या कोपऱ्यात किंवा जाळीवर एखादा मोठा किडा पडलाय का बघाल? नाकतोडा, रातकिडा, झुरळ, काहीही. आणि प्लीज त्या दोऱ्यावर काही ओतू नका!

बी-२०३ वहिनी
ह्यांनी फिनेल ओतलं गं. अख्खं झाकणभर.

सी-७०१
अरेरे. बरं, किडा तरी बघा.

बी-२०३ वहिनी, ७:४८
[फोटो]
अगं खरंच की! बादलीच्या मागे होता. तो हिरवा, हात जोडून बसतो तो. पोट लिबलिबीत झालंय, रिकाम्या पिशवीसारखं. जिवंत आहे, पाय हलवतोय. तुला कसं कळलं??

सी-७०१, ७:५९
कारण तो दोरा त्याच्या पोटातून निघालाय. टँकरमधून नाही आणि टाकीतूनही नाही.

याला हॉर्सहेअर वर्म म्हणतात. पूर्वी युरोपात घोड्यांना पाणी पाजायच्या हौदात हे दिसायचे, आणि शेपटीचा केस पाण्यात पडून जिवंत होतो अशी लोकांची पक्की समजूत होती. वहिनींनाही आधी केसच वाटला ना! माणसाला, मांजराला, कुंड्यांतल्या झाडांना, कुणालाच याचा उपद्रव नाही. बाहेर आलेल्या मोठ्या अळीला तर खाताही येत नाही, ती फक्त जोडीदार शोधते आणि अंडी घालून मरते.

आता गंमत ऐका. अंडी पाण्यात फुटतात. आतली सुईच्या टोकाहून बारीक पिल्लं डासांच्या वगैरे अळ्यांच्या अंगात शिरून गप्प बसतात. त्या अळ्या मोठ्या होऊन पंख फुटून उडतात. त्यांना आपला हा हात जोडणारा प्रार्थनाकीटक खातो. मग पिल्लू त्याच्या पोटात वाढायला लागतं. त्याला तोंडानं खावं लागत नाही, अंगानंच सगळं शोषून घेतं. पोटात वेटोळं घालून घालून यजमानाच्या कितीतरी पट लांब होतं. आता अडचण अशी की लग्न लागणार पाण्यात, आणि हा राहतो पाण्याबाहेर. प्रार्थनाकीटक आपणहून सहसा पाण्यात जात नाही. म्हणून पोटातली अळी त्याला नेते.

बी-४०४
नेते म्हणजे? स्टिअरिंग आहे का तिच्या हातात?

सी-७०१
जवळजवळ. दक्षिण फ्रान्समधल्या आव्हेन गावच्या पोहण्याच्या तलावाकाठी काही शास्त्रज्ञांनी रात्री जागून पाहिलं होतं. जंगलातले रातकिडे येऊन तलावात उड्या टाकायचे आणि त्यांच्या पोटातून हे दोरे निघायचे. २००२ साली त्यांनी ते छापलं. त्यांना असं आढळलं की अळी असलेल्या किड्याला लांबून पाण्याचा वास वगैरे येत नाही. तो आधी नुसता सैरभैर होतो, नेहमी जात नाही तिथे भटकतो. भटकता भटकता पाणी आडवं आलं की मात्र थांबत नाही, उडी.

मग जपानमध्ये २०२१ साली प्रार्थनाकीटकांवर काम झालं. पाण्यावरून परावर्तित होणाऱ्या प्रकाशाची एक खास ठेवण असते, तिच्या लहरी आडव्या डोलतात. आपल्या डोळ्यांना ती कळत नाही, किड्यांना कळते. अळी पोटात असलेले किडे त्याच प्रकाशाकडे ओढले जातात, बाकीचे नाही. तुमचा हा बहुतेक रात्री बाथरूमच्या दिव्याला आला असेल आणि पुढे भरलेली बादली मिळाली.

ए-५०२
मला शिसारी आली पण वाचणं थांबवता येत नाहीये

सी-७०१
अजून एक सांगते मग. हे ती करते कसं, यावर तिथल्याच लोकांनी २०२३ मध्ये एक शोधनिबंध काढला. त्यांचं म्हणणं असं की अळीकडे १४०० हून जास्त जनुकं अशी आहेत जी हुबेहूब प्रार्थनाकीटकाच्या जनुकांसारखी आहेत. म्हणजे पिढ्यान्पिढ्या त्याच्या पोटात राहून त्याचीच जनुकं उचलली, आणि त्याच्याच भाषेत त्याच्या मेंदूला निरोप पाठवते.

सी-१०१
म्हणजे आमच्या जुन्या भाडेकरूसारखं. राहिला, खाल्लं आणि शेवटी आमच्याच लेटरहेडवर पत्र.

सेक्रेटरी
काका तो विषय नको.

बी-४०४
किडा रंजक आहे, मान्य. पण टाकी स्वच्छ आहे हे यातून कसं सिद्ध होतं? कमिटीला आयतं निमित्त मिळालं.

सी-७०१
टाकी स्वच्छ आहे असं मी म्हटलंच नाही काका. हा दोरा टाकीतला नाही, एवढंच. एक म्हणजे रिकाम्या पोटाचा किडा शेजारीच सापडला. दुसरं, इतकी लांब अळी नुसत्या पाण्यात वाढूच शकत नाही, तिला कुणाचं तरी पोट लागतं. तिसरं, वहिनींच्या नळाला बारीक जाळी आहे, फोटोत दिसतेय. त्यातून हे अखंड कसं येईल?

बी-४०४
जाळीचा मुद्दा बरोबर आहे.

ए-५०२
बी-४०४ ना बरोबर म्हणताना पहिल्यांदा बघतेय

ए-१०४ नाना, ८:२६
पोरी, तू लिहिलंस ते वाचून अंगावर काटा आला. कारण मी हेच माणसात बघितलंय.

नारूची मादी माणसाच्या अंगात वर्षभर गुपचूप वाढते. कुणाला पत्ता नसतो. हातभर, दीड हात लांब होते, मग खाली सरकत बहुतेक वेळा पायाशी येते. तिथे फोड येतो आणि अशी आग होते की माणूस रडतो. आणि आग झाल्यावर खेड्यातला माणूस काय करणार? पाय पाण्यात बुडवणार. पाणी लागलं की फोड फुटतो, नारू डोकं बाहेर काढतो आणि लाखो पिल्लं पाण्यात सोडतो. त्या काळच्या विहिरी पायऱ्यांच्या. बायका पायऱ्या उतरून पाण्यात उभ्या राहून घागर भरायच्या. पाण्यात सायक्लॉप्स नावाचा ठिपक्याएवढा जीव असतो, तो पिल्लं गिळतो. तेच पाणी अख्खं गाव पितं. पुढच्या वर्षी ऐन पेरणीत अर्धं गाव पाय धरून बसलेलं.

औषध नव्हतंच. काडीला गुंडाळून रोज बोटभर ओढायचा, महिना महिना. घाई केली आणि तुटला तर पाय सुजून पिकायचा. आम्ही काय केलं, तर पाणी दुहेरी फडक्यातून गाळायला शिकवलं, विहिरीत टेमेफॉस नावाचं कीटकनाशक टाकलं, आणि पायऱ्या बंद करून रहाट बसवायला लावले. पायऱ्या बंद करताना सगळ्यात जास्त भांडणं झाली. लोक म्हणायचे, आजोबांनी बांधलेली विहीर आहे.

ए-३०१ आजी
सासरे विहिरीच्या पायरीवरच बसून असायचे पाय पाण्यात घालून. उठवलं तरी उठायचे नाहीत. सासूबाई म्हणायच्या बाहेरची बाधा झालीय

ए-१०४ नाना
बाधाच ती, आजी. फक्त कुणाची ते माहीत नव्हतं.

सी-७०१
नाना, एक फरक मात्र सांगते. नारू मेंदूला हात लावत नाही. तो फक्त आग लावतो, पाण्याकडे जायचं माणूस आपल्या शहाणपणानंच ठरवतो. प्रार्थनाकीटकाच्या बाबतीत ठरवणारंच बदलतं. मला नारूचा प्रकार जास्त बेरकी वाटतो.

ए-१०४ नाना
१९८६ साली जगात सुमारे ३५ लाख लोकांना नारू होता. २०२४ मध्ये १५ जण. लस नाही, गोळी नाही. फडकं आणि रहाट.

सी-४०२, ९:०५
*अनेकवेळा फॉरवर्ड केलेला मेसेज*
सावधान!! मांजराच्या अंगातला किडा तुमच्या मेंदूत शिरून तुम्हाला वेड लावतो. पाळणाऱ्यांचा स्वभाव आक्रमक होतो. पुढे पाठवा.
जिन्यात मांजरांना दूध ठेवणाऱ्यांनी वाचावं.

डी-२०१
माझं नाव घेऊन बोला ना. आक्रमक कोण आहे ते ग्रुपला माहिती आहे.

डी-३०४ डॉक्टर
ओपीडी सुरू व्हायची आहे, पटकन लिहिते. टॉक्सोप्लाझ्मा म्हणतायत तो. उंदरांबद्दल खरं आहे, ऑक्सफर्डच्या लोकांनी २००० साली दाखवलं की लागण झालेल्या उंदराला मांजराच्या मुताच्या वासाची भीती उरत नाही, काही तर उलट तिकडे जातात. मांजरानं उंदीर खावा यात त्या जंतूचा फायदा, कारण त्याची पुढची पिढी मांजराच्याच आतड्यात तयार होते. माणसाच्या स्वभावाचं म्हणाल तर न्यूझीलंडमध्ये आठशेहून जास्त लोक तपासले, २०१६ साली निष्कर्ष आला, स्वभावात फरक जवळजवळ काहीच नाही. गरोदर बाईला मात्र जपायला हवं. पण त्यातही अर्धकच्चं मांस आणि न धुतलेली भाजी यांचा धोका लक्षात ठेवा, नुसतं मांजराला दोष देऊ नका. मांजराची घाण रोजच्या रोज काढा, ती पडल्यापासून संसर्गजन्य व्हायला एक दिवस तरी लागतो. आणि गरोदर बाईनं ती दुसऱ्या कुणाला काढू द्यावी. दूध ठेवायला हरकत नाही, वाटी उचला म्हणजे झालं.

डी-२०१
धन्यवाद मॅडम. वाटी उचलते मी रोज.

सी-४०२
*हा मेसेज डिलीट केला आहे*

ए-५०२
ए, गेल्या वर्षी डक्टमध्ये मी व्हिडिओ काढला होता, हिरवीगार चकाकणारी गांधीलमाशी झुरळाला मिशी धरून चालवत नेत होती. तेव्हा कुणी विश्वास ठेवला नाही.

सी-७०१
ती एमराल्ड वास्प! आपल्याकडे आहे ती. आधी छातीत नांगी, म्हणजे पुढचे पाय लुळे. मग थेट मेंदूत. झुरळ मरत नाही, धावू शकतं, पण आपणहून पाऊल उचलायची इच्छाच जाते. मग मिशी धरून बिळात नेते, अंगावर अंडं घालते आणि दार खड्यांनी बुजवते. पिल्लू झुरळ जिवंत असतानाच खातं. १९४१ साली झुरळं संपवायला ही माशी हवाईत नेऊन सोडली होती, पण एक माशी एका वेळी एक झुरळ, हिशेब जमला नाही.

सेक्रेटरी
आपला पेस्ट कंट्रोलवाला पण एका वेळी एकच मारतो, पैसे चार विंगचे घेतो.

सेक्रेटरी, ९:३१
दोन गोष्टी नोंदवतो. वर जाऊन आलो. टाकी ठीक आहे, पण बी विंगच्या टाकीच्या झाकणाची जाळी एका कोपऱ्यात फाटली आहे. आज बदलतो. फोटो टाकतो, यावेळी टाकीचा.

बी-४०४
म्हणजे मी विचारलं ते चुकीचं नव्हतं.

बी-६०३
जारचे पैसे कोण देणार? पाच जार खाली येऊन पडलेत.

ए-५०२
माझं नाव काढा

सी-४०२
माझं पण

बी-२०३ वहिनी, ९:५०
सी-७०१, चिंटूनं तो हिरवा बरणीत ठेवलाय, झाकणाला भोकं पाडून. मघाशी उभा राहिला आणि माझ्याकडे मान वळवून बघितलं त्यानं. शाळेत जायला तयार नाही पोरगं. विचारतंय याला खायला काय देऊ.

सी-७०१
जिवंत माशी द्या काकू. मेलेली खाणार नाही.

सेक्रेटरी
डी विंगच्या ओल्या कचऱ्याच्या डब्यापाशी हव्या तेवढ्या आहेत. घेऊन जा.

डी-२०१
आता डी विंगवर का आलात??